लाइन गेली की सगळंच लाल

प्रश्न : आम्ही दारव्हा तालुक्यातले कोरडवाहू शेतकरी. मुलगा बीसीएच्या दुसऱ्या वर्षाला आहे. त्याने लॅपटॉपवर कसलासा प्रोग्रॅम चालवून कॉलेजच्या लॅबमधले सगळे कॉम्प्युटर-प्रिंटर शोधून काढले, म्हणून सरांनी मला बोलावून घेतलं. पोराचं चुकलं का? आणि यात पोट भरेल का?

भाऊ, नमस्कार.

चुकलं. दुसऱ्याचं नेटवर्क न विचारता चाळायचं नसतं. विनापरवानगी शिरकावासाठी माहिती तंत्रज्ञान कायदा, २००० मध्ये कलम ४३ आहे, आणि नेटवर्क सांभाळणारा माणूस अशा चाळण्याकडे त्याच नजरेने बघतो. त्याने सरांची माफी मागावी आणि लगेच हेच काम लेखी परवानगीने मागावं. लॅबचा नकाशा सरांनाही हवाच असतो.

पोट भरतं. बँका, मोठे दवाखाने, इंटरनेट पुरवणारे, सगळ्यांना नेटवर्कवर नजर ठेवणारी माणसं लागतात. सुरुवात बहुतेक रात्रपाळीची, नागपूर किंवा पुण्यात. ही तयारी ठेवा.

पण यंत्रांची यादी प्रोग्रॅम काढतो, त्याचा पगार मिळत नाही. त्याला एक विचारा : विंडोजचा कॉम्प्युटर पिंगला, म्हणजे ‘आहेस का?’ या हाकेला, उत्तर देत नाही, तरी त्याच लॅबमध्ये बसून तो सापडतो, कसा? ‘फायरवॉल पिंग अडवते, पण एआरपीला उत्तर द्यावंच लागतं’ असं तो म्हणाला, तर पाया बरा आहे. (फायरवॉल म्हणजे कॉम्प्युटरचा राखणदार प्रोग्रॅम; एआरपी म्हणजे त्याच नेटवर्कमधली ‘हा पत्ता कोणाचा?’ ही विचारणा.) गडबडला, तर महागड्या क्लासचे पैसे सध्या राहू द्या; आधी आयपी (यंत्राचा नेटवर्कवरचा पत्ता) आणि सबनेट (अशा पत्त्यांचा गट) पक्कं होऊ द्या.

मग घरच्याच वायफायवर, जुन्या कॉम्प्युटरवर झॅबिक्स हा नेटवर्कवर नजर ठेवणारा प्रोग्रॅम बसवू द्या. फुकट आहे. एसएनएमपीने (यंत्राकडून आकडे मागवायची पद्धत) वाचलेला, पोर्टमधून (केबल जोडायची जागा) गेलेल्या डेटाचा आकडा विजेच्या मीटरसारखा वाढतच जातो; दोन रीडिंगमधली वजाबाकी भागिले वेळ, तेव्हा वेग कळतो. झॅबिक्स हे स्वतः करतं, पण पोराने एकदा वहीवर करावं.

आणि गावातली लाइन जाते ना, ती इथे कामी येईल. (पहिल्यांदाच कोणाच्या तरी कामी येतेय म्हणा.) झॅबिक्सचा कॉम्प्युटर इन्व्हर्टरवर ठेवा. लाइन गेली की राउटर बंद, झॅबिक्सच्या पडद्यावर त्यामागचं सगळं लाल, आणि इशाऱ्यांचा पाऊस. बिघाड मात्र एकच. कोणतं यंत्र कोणाच्या भरवशावर चालतं हे मांडून त्या पावसाचा एकच इशारा करून दाखव, असं त्याला सांगा. जमलं की त्याचे स्क्रीनशॉट मला पाठवा, बायोडेटात ते कुठे घालायचं ते सांगतो.