प्रादेशिक साहित्य आणि ग्रामीण साहित्य एकच का?

नाही, पण अभ्यासात दोन्हींची सर्रास सरमिसळ होते. ग्रामीण साहित्याचा रोख खेड्यातल्या जगण्यावर, शेतीवर, गावगाड्यावर असतो. ते खेडं कुठलंही असू शकतं. प्रादेशिक कादंबरीत तो भूभागच गोष्ट घडवतो. मी एक साधी कसोटी लावतो: कथानक उचलून दुसऱ्या मुलखात ठेवून पाहायचं. फारसं काही बिघडलं नाही, तर प्रदेश नुसता देखावा होता.

श्री. ना. पेंडसे यांची ‘गारंबीचा बापू’ (१९५२) कोकणातून हलवता येत नाही. व्यंकटेश माडगूळकरांची ‘बनगरवाडी’ (१९५५) दोन्ही खात्यांत बसते: माणदेशातली धनगरवस्ती, मेंढरं आणि दुष्काळात ओस पडणारं गाव.

प्रादेशिक अस्मितेवर लिहिणार असाल, तर बोलीतल्या शब्दांच्या याद्या करत बसू नका (प्रबंधांत हे फार दिसतं). उद्धव शेळके यांच्या ‘धग’मध्ये (१९६०) पात्रं वऱ्हाडीत बोलतात. तिथे बोली कोणाच्या तोंडी आहे आणि निवेदन कोणत्या भाषेत आहे, इथून सुरुवात करा. आणि ‘कोकणी माणूस’ किंवा ‘वऱ्हाडी माणूस’ असं सरसकट लिहिण्याआधी जात आणि बाईचं स्थान तपासा. एकाच गावातल्या दोन घरांचा प्रदेश वेगळा असतो.