फिल्मच्या डब्यावर ‘बोट, जुलै’ लिहिलंय म्हणालीस

चि. मुली,
अनेक आशीर्वाद.

कोकणातल्या आगबोटींचं जुनं फुटेज कुठे मिळेल, असं विचारलंस. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय, फिल्म्स डिव्हिजनचा साठा (ती २०२२मध्ये एनएफडीसीत विलीन झाली), दूरदर्शन, तिन्हींसाठी अर्ज कर. पण फिल्म्स डिव्हिजन १९४८ची, मुंबई दूरदर्शन १९७२चं, आणि सरकारी कॅमेरा आपल्याकडे यायचा तो बहुधा उद्घाटनाला. डोक्यावर ट्रंक घेऊन पडावातून, म्हणजे बोटीवरून किनाऱ्याला आणणाऱ्या होडीतून, उतरणारी म्हातारी टिपली असेल तर एखाद्या हौशी चाकरमान्याने. सुपर एट हा घरगुती फिल्म कॅमेरा आला १९६५ला. तेव्हा गिरगाव-लालबागचे पोटमाळेही धुंडाळ.

डबा उघडल्यावर व्हिनेगरसारखा आंबट वास आला, तर फिल्म कुजायला लागलीय. आपल्या दमट हवेत हे लवकर होतं. “जुना प्रोजेक्टर आहे, लावून बघूया,” असं घरचे म्हणतील, तिथेच थांबव. कुजलेली फिल्म आकसते, तिची भोकं प्रोजेक्टरच्या दात्यांवर बसत नाहीत. देवगडच्या एका घरात माझ्या डोळ्यांदेखत रीळ फाटलं. पडद्यावर आजोबा पडवीच्या पायऱ्या उतरत होते, तिसऱ्या पायरीवर टर्रकन आवाज आला. त्या घरात त्यांचं दुसरं चलच्चित्र नव्हतं. मी ‘नको’ म्हणायला हवं होतं. रीळ थेट स्कॅनिंगला ने.

हक्कांचं लेखी घे. पैसे देऊन काढून घेतलेल्या लग्नाच्या व्हिडिओचा मालक, वेगळा करार नसेल तर, पैसे देणारा असतो. स्टुडिओवाल्याने मागे चिकटवलेलं सिनेमाचं गाणं मात्र पैसे देणाऱ्याच्या मालकीचं होत नाही.

आता खरं महत्त्वाचं. फुटेज मिळालं म्हणजे ओळख पटली असं नाही. माझ्या पहिल्या फिल्ममध्ये एका संग्रहाच्या यादीत ‘हर्णै’ लिहिलेला शॉट मी डोळे मिटून लावला. हर्णैलाच खेळ केला. एक वृद्ध खलाशी उठून म्हणाले, “बाई, आमच्या बंदरासमोर सुवर्णदुर्ग आहे. हा समुद्र रिकामा कसा?” पुढची वीस मिनिटं कुणी फिल्म पाहिली नाही, सगळे बंदर ओळखत बसले. तेव्हापासून शॉट आधी त्या गावातल्या दोन-तीन जाणत्या माणसांना दाखवते, मगच संकलनात घेते. किल्ला, दीपगृह, होडीची नाळ, बायकांची नेसण्याची तऱ्हा, यांवरून ती माणसं जे सांगतात ते कुठल्याच यादीत नसतं. सांगतील ते टाइमकोडसह, म्हणजे फिल्ममधल्या नेमक्या मिनिट-सेकंदासह, लिहून ठेव.

तुझ्या त्या डब्याचंच बघ. खालच्या कोकणातल्या बोटी पावसाळ्यात बंद असायच्या. मग जुलैत बोट कुठली? कदाचित ती फिल्म धुऊन आल्याची तारीख असेल. नाहीतर ती मुंबईहून रेवसला जाणारी बोट. ती निदान त्या काळी भर पावसातही जायची, रेवसला निघालेली ‘रामदास’ बोट बुडाली ती १७ जुलै १९४७लाच. स्कॅन झाल्यावर किनारा दिसणारी दोन-चार चित्रं मला पाठव. डब्याच्या झाकणाचेही आतून-बाहेरून फोटो काढून पाठव.

तुझी,
ताई