पाढे पाठ आहेत, मग शाब्दिक उदाहरण का अडतं?

"ताई, तिला तीसपर्यंत पाढे येतात. नुसती आकडेमोड दिली तर पटापट करते. पण शाब्दिक उदाहरण आलं की वहीच मिटते." पाचवीतल्या अनयाची (नाव बदललं आहे) आई सांगत होती. शिष्यवृत्ती परीक्षा जवळ आली की ही तक्रार माझ्याकडे हमखास येते. तिच्यामागोमाग, मुलासमोरच, "हिला गणिताचं डोकंच नाही" हेही येतं. तसं ते आलं, तेव्हा मी आईंना थोडा वेळ बाहेर बसायला सांगितलं.

"उदाहरण वाचून आधी काय करतेस?"

"बेरीज करायची की वजाबाकी, ते शोधते. 'एकूण', 'जास्त' असेल तर बेरीज. 'उरले' असेल तर वजाबाकी."

मी लिहून दिलं: रमाकडे 12 पेरू आहेत. ते सईच्या पेरूंपेक्षा 5 ने जास्त आहेत. सईकडे किती? तिने 17 लिहिलं आणि लगेच माझ्या चेहऱ्याकडे पाहिलं. उत्तर बरोबर की चूक, हे ती मोठ्यांच्या चेहऱ्यावरून ठरवत होती. चुकलेल्या उत्तरापेक्षा मला तेच जास्त लागलं.

पुढच्या भेटीत मी काड्यापेट्या आणि चिंचोके काढून ठेवले. लग्नाच्या हॉलमध्ये चौरस टेबलं आहेत, प्रत्येक बाजूला एकच जण बसतो. अशी 10 टेबलं एका ओळीत चिकटवून लावली तर किती जण बसतील? "40," ती म्हणाली. मी चूक म्हटलं नाही. म्हटलं, दहा राहू देत, आधी एकच मांड. मग दोन.

काड्यापेटी म्हणजे टेबल, चिंचोका म्हणजे माणूस. दोन पेट्या चिकटवल्यावर तिने आठ चिंचोके घेतले, पण दोघांना जागाच उरली नाही. मग वहीत ओळ तयार झाली: 4, 6, 8, 10. "दरवेळी दोनच वाढतायत!" मोजत मोजत ती दहाव्या टेबलाला 22 वर पोचली.

"दोनच का?"

बराच वेळ गेला. मी गप्प बसले. "नवीन टेबल चार जागा आणतं, पण जोडाच्या इथे दोघांना उठावं लागतं." मग 100 टेबलं असतील तर? "वर 100, खाली 100, टोकांना दोन. 202!" सूत्र तिला कुणीही दिलं नव्हतं.

हा 'का' मी कधीच गाळत नाही, कारण आकृतिबंध फसवूही शकतो. वर्तुळावर 1, 2, 3, 4, 5 बिंदू घेऊन ते सगळे एकमेकांना रेषांनी जोडले, तर आतले जास्तीत जास्त भाग 1, 2, 4, 8, 16 होतात. सहाव्या बिंदूला 32 होतील असं कुणालाही वाटेल, होतात 31.

मग पेरू पुन्हा काढले, आकडे लहान करून. रमाकडे 3, सईपेक्षा 1 ने जास्त. "सईकडे 2," म्हणाली, आणि थबकली. जुनं पान उलटून तिने 17 खोडलं, 7 लिहिलं. माझ्याकडे बघितलंच नाही.

आईंना मी इतकंच सांगितलं: रोज एकच उदाहरण घ्या. अडलं तर आकडे लहान करून द्या, हवं तर चिंचोके मांडा. आणि 'बरोबर' म्हणण्याआधी 'कसं काढलंस' हे विचारा. दोन महिन्यांनी त्या चाचणीचा पेपर घेऊन आल्या. एक शाब्दिक उदाहरण चुकलंच होतं, शेवटच्या वजाबाकीत. पण एकही कोरं नव्हतं, आणि समासात पेन्सिलीने छोटे छोटे चौकोन काढलेले होते.