काका बॅप्टिस्टा कोण होते? टिळकांचं ते वाक्य मुळात त्यांचं होतं का?

विचारणाऱ्याने डॉकयार्ड रोड स्टेशनामागच्या टेकडीवर ‘जोसेफ बॅप्टिस्टा उद्यान’ अशी पाटी वाचली. हे गृहस्थ कोण, आणि ‘स्वराज्य हा माझा जन्मसिद्ध हक्क आहे’ हे शब्द त्यांनीच टिळकांना सुचवले हे खरं का, असा प्रश्न आहे.

मी नोकरीला त्याच भागात होतो. दुपारचा डबा कित्येकदा त्या बागेत खाल्लाय. बाग म्हणजे खरं तर पाण्याच्या मोठ्या टाकीचं छप्पर. खाली टाकी, वर गवत आणि बाकं, समोर गोदीतल्या क्रेन. बरीच वर्षं मलाही ते कुणी दानशूर शेठजी वाटत होते!

बॅप्टिस्टा माझगावचेच. बागेपासून चालत जाण्याच्या अंतरावर माथारपाखाडी आहे, लाकडी जिन्यांच्या जुन्या घरांची वस्ती. तिथे 1864 साली त्यांचा जन्म झाला. घराणं ईस्ट इंडियन ख्रिस्ती. म्हणजे वसई, साष्टी, मुंबईचे मूळ मराठी बोलणारे ख्रिस्ती. सरकारी नोकऱ्यांत गोवेकर आणि मंगळूरकर ख्रिस्त्यांहून आपण वेगळे ओळखू यावं म्हणून या समाजाने 1887 मध्ये, व्हिक्टोरिया राणीच्या ज्युबिलीच्या वर्षी, कंपनी सरकारची आठवण सांगणारं हे नाव घेतलं. त्याच समाजातला माणूस पुढे टिळकांच्या होमरूल लीगचा, म्हणजे स्वराज्य मागणाऱ्या संघटनेचा, अध्यक्ष झाला, याची मला अजून गंमत वाटते.

सुरुवातीला ते वकील नव्हतेच. पुण्यात इंजिनिअरिंग शिकले, सिंधमध्ये जंगल खात्यात नोकरी केली, मग केंब्रिजला गेले आणि 1899 मध्ये लंडनच्या ग्रेज इन या वकिलांच्या संस्थेतून बॅरिस्टर होऊन परतले. टिळकांशी मैत्र जुळलं ते त्यानंतर. नाशिकच्या कटाच्या खटल्यात 1910 मध्ये सावरकरांच्या बचावासाठी उभ्या राहिलेल्या वकिलांत तेही होते. तो खटला ज्यूरीविना, तीन न्यायाधीशांच्या खास न्यायालयापुढे चालला. अशी वकीलपत्रं घेतल्यावर सरकारदरबारी काय पत राहते, ते वेगळं सांगायला नको.

एप्रिल 1916 मध्ये बेळगावला टिळकांची होमरूल लीग निघाली. अध्यक्ष बॅप्टिस्टा, चिटणीस न. चिं. केळकर. टिळकांनी स्वतः कुठलंच पद घेतलं नाही. पुढच्या वर्षी बॅप्टिस्टा विलायतेला गेले आणि तिथल्या मजूर पक्षाच्या लोकांपुढे हिंदुस्थानची बाजू मांडू लागले.

आता त्या वाक्याचं. ते शब्द बॅप्टिस्टांचे असं सांगणारे बरेच आहेत. दोघांचं बोलणं नेहमीचं, तेव्हा एकाच्या तोंडचं दुसऱ्याच्या भाषणात येणं नवलाचं नाही. पण देशभर पोचलं ते टिळकांच्या तोंडून. मला विचाराल तर या एका वाक्यापायी बॅप्टिस्टांचं खरं काम झाकलं गेलं.

ते काम कामगारांमधलं. 1908 मध्ये टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाली तेव्हा मुंबईच्या गिरणी कामगारांनी सहा दिवस गिरण्या बंद पाडल्या होत्या. संघटना नव्हती, नुसता संताप होता. त्या संतापाला संघटनेचं रूप देणाऱ्या मोजक्या माणसांत बॅप्टिस्टा होते. टिळक 1 ऑगस्ट 1920 ला गेले. तीन महिन्यांनी, 31 ऑक्टोबरला, मुंबईत अखिल भारतीय ट्रेड युनियन काँग्रेसचं पहिलं अधिवेशन भरलं. अध्यक्ष लाला लजपतराय, बॅप्टिस्टा उपाध्यक्ष. झरियाच्या कोळसा खाणींच्या मुलखात 1921 मध्ये दुसरं अधिवेशन झालं, त्याचे अध्यक्ष बॅप्टिस्टा.

गांधीजींचा असहकार त्यांना पटला नाही. कौन्सिलांत, म्हणजे कायदेमंडळांत, शिरून भांडायचं, ही टिळकांची रीत त्यांनी सोडली नाही. काँग्रेसच्या नंतरच्या कथेत त्यांचं नाव फारसं येत नाही, त्याचं मोठं कारण हेच असावं. 1925 मध्ये ते मुंबई महापालिकेचे अध्यक्ष झाले. महापौर हा शब्द आज आपण सहज लावतो, पण तेव्हा त्या पदाला अध्यक्षच म्हणत. 1930 मध्ये ते वारले.

लोक त्यांना ‘काका’ म्हणत. बॅरिस्टराला काका म्हणणं त्या काळात सोपं नव्हतं, बॅरिस्टर म्हटला की तो साहेबच. पुन्हा त्या बाजूला गेलात तर बाग बघून लगेच लोकल पकडू नका. टेकडी उतरून माथारपाखाडीत शिरा, क्रूसाजवळून गल्ली आत जाते.