वाचकांचे प्रश्न : ग्रीक लघुपट दाखवताना

प्रश्न : आमच्या फिल्म सोसायटीला तासाभरात ग्रीसचे प्रयोगशील लघुपट दाखवायचे आहेत. कोणते निवडावेत? त्यातलं राजकारण सभासदांना कळेल का? (एक वाचक, सांगली)

उत्तर : तीन पुरेत, मिळून पाऊण तासाच्या आत बसतात. थिओ अँजेलोपोलस यांचा 'एकपोम्बी' (१९६८), योर्गोस झोइस यांचा 'कासुस बेली' (२०१०) आणि वासिलिस केकातोस यांचा २०१९ मध्ये कान महोत्सवात लघुपटांचा 'पाम द'ओर' हा सर्वोच्च पुरस्कार मिळवणारा नऊ मिनिटांचा लघुपट. दाखवण्याची लेखी परवानगी आधी घ्या.

सुरुवातीला भाषण नको, दोन तारखा सांगा. २१ एप्रिल १९६७ ला लष्कराने सत्ता बळकावली, ती जुलै १९७४ पर्यंत टिकली. मे २०१० मध्ये ग्रीसला ११० अब्ज युरोंचं कर्ज मंजूर झालं, सोबत सरकारी खर्चात काटकसर आली. 'एकपोम्बी'त रस्त्यावरच्या लोकांना 'आदर्श पुरुष' कसा असतो ते विचारतात. घोषणा कुठेच नाही. माइक कोणाच्या हातात आहे तेवढं बघायला सांगा.

'कासुस बेली' मात्र दोनदा दाखवा, अकराच मिनिटांचा आहे. सात रांगा, एका रांगेतला पहिला माणूस पुढच्या रांगेत शेवटचा. पहिल्या खेपेला चेहरे बघितले जातात. दुसऱ्या खेपेला फक्त रांगांचे सांधे बघा. पुढे पोचलेला माणूस पुन्हा मागे उभा दिसतो, आणि त्या वर्षीचा ग्रीस तिथेच उमगतो. शेवटी साखळी कोसळते तेव्हा धक्का कुठून आला, हे सभासद आपणहून सांगतील.

प्रश्न : ग्रीक सबटायटलची फाइल उघडली की भलतीच अक्षरं दिसतात. मराठी केली तर जोडाक्षरं फुटतात.

उत्तर : जुन्या ग्रीक फाइली बहुधा 'विंडोज-१२५३' एन्कोडिंगमध्ये (अक्षरं साठवण्याच्या पद्धतीत) असतात. तेच निवडून उघडा, मग 'यूटीएफ-८' मध्ये सेव्ह करा. चुकीच्या एन्कोडिंगमध्ये उघडून सेव्ह केलं तर मूळ अक्षरं हातची जाऊ शकतात, म्हणून आधी प्रत काढून ठेवा. जोडाक्षरं फुटतात ती प्लेअरला देवनागरी जुळवता येत नाही म्हणून. सबटायटल थेट व्हिडिओत छापून घ्या आणि 'राष्ट्र', 'मर्त्य', 'क्षण' हे शब्द पडद्यावर तपासा. दोनच ओळी ठेवा.

सुरुवात जुळते पण पुढे संवाद आधीच येऊ लागतात, तेव्हा बहुधा फाइल सेकंदाला २५ फ्रेमची आणि चित्रपट २४ फ्रेमचा असतो. २३ मिनिटांत जवळपास ५५ सेकंदांचा फरक पडतो. सगळे संवाद एकसारखे मागे सरकवून हे सुटत नाही. प्रत्येक वेळेला २५/२४ ने गुणावं लागतं.