कॅप्टन झालास, आता मागे ये

चिरंजीवास अनेक आशीर्वाद.

आइस हॉकी संघाचा कॅप्टन झाल्याचं तुझ्या आईकडून कळलं. छान वाटलं. कोचने मागे राहून खेळायला सांगितलंय, गोल घटणार, म्हणून तू धुमसतोयस, हेही कळलं.

डेट्रॉइटजवळ वाढलास, त्यामुळे स्टीव्ह आयझरमन मी तुला सांगायला नको. पण तुम्ही मुलं त्याचे कप मोजता, त्याआधीची वर्षं कुणी बघत नाही. 1986 मध्ये, एकविसाव्या वर्षी तो डेट्रॉइटच्या रेड विंग्ज संघाचा कॅप्टन झाला. 1988-89 च्या मोसमात 65 गोल आणि 90 असिस्ट, म्हणजे दुसऱ्याच्या गोलसाठी दिलेले पास, एकूण 155 पॉइंट. पण स्टॅनली कप, म्हणजे एनएचएल या व्यावसायिक लीगचं विजेतेपद, काही हाती लागेना. 1993 मध्ये स्कॉटी बोमन कोच म्हणून आले आणि बचावाची जबाबदारीही घे म्हणून त्याच्या मागे लागले. त्याला ओटावाच्या संघाला देऊन टाकणार अशी कुजबुजही झाली. 155 पॉइंटवाल्याला हे ऐकून घ्यावं लागलं, बघ! त्याने खेळ बदलला. तरी 1995 च्या फायनलमध्ये न्यू जर्सीने सलग चार सामन्यांत धुतलंच. कप आला 1997 मध्ये, डेट्रॉइटला तब्बल 42 वर्षांनी. 1998 मध्ये पुन्हा. त्या मोसमात त्याचे पॉइंट अवघे 69, आणि प्लेऑफचा, म्हणजे बाद फेऱ्यांचा, सर्वोत्तम खेळाडू तोच.

1997 च्या विजयानंतर सहाच दिवसांत त्यांचा बचावपटू व्लादिमिर कॉन्स्टँटिनोव्ह गाडीच्या अपघातात जायबंदी झाला. पुढच्या वर्षी कप मिळाल्यावर आयझरमनने तो आधी व्हीलचेअरमधल्या कॉन्स्टँटिनोव्हच्या मांडीवर ठेवला. कॅप्टन कसा असावा, याबद्दल मी यापलीकडे काही लिहीत नाही.

आता तुझं. शिफ्ट, म्हणजे बर्फावरची एक खेप, लांबवू नकोस. पाऊण मिनिट झालं की बेंचकडे वळ, पक (खेळातली चकती) तुझ्याकडे येईलसं वाटत असलं तरी. कॅप्टनच रेंगाळला तर चौथ्या फळीतली पोरं का वेळेवर येतील? पक हातचा गेला की सगळ्यात आधी तू मागे फिरलेला दिसला पाहिजेस. आणि रेफरीशी हुज्जत नको. नियमाचा अर्थ विचारायचा हक्क कॅप्टनला असतो, पेनल्टीबद्दल रडगाणं गाण्याचा नाही. एनएचएलमध्ये त्याबद्दल कॅप्टनलाच दोन मिनिटं बसवतात.

एका बाबतीत मात्र आयझरमनचा कित्ता गिरवू नकोस. 2002 चा कप तो निकामी गुडघ्यावर खेळला, नंतर हाड कापून पाय सरळ करायची शस्त्रक्रिया करावी लागली. लोक अजून कौतुक करतात. करोत. तुझा डावा गुडघा सुजतोय हे कोचला आजच सांग, आणि एमआरआय झाला की रिपोर्ट मला पाठव.

तुझा,
काका