जुन्या कीबोर्डचा आवाज लॅपटॉपवर : वाचकांचे प्रश्न

आमच्या ऑर्केस्ट्रातला कोर्ग एम-वन कीबोर्ड बंद पडला. लॅपटॉपवर कित्येक जीबींची पियानो लायब्ररी (रेकॉर्ड केलेल्या सुरांचा संच) टाकली, पण हळदीच्या मांडवात तो ठणठणीत पियानो काही येईना. (चोपडा)

येणारच नाही, भाऊ. १९८८ सालच्या एम-वनमध्ये पियानोपासून ड्रमपर्यंत सगळे मूळ आवाज मिळून ४ एमबीत कोंबलेले होते. जागाच एवढीशी, म्हणून सुराचा सुरुवातीचा ठोका तेवढा नीट घेतलेला आणि पुढचा नाद छोट्याशा तुकड्याचं लूप, म्हणजे तोच तुकडा पुन्हापुन्हा, फिरवून लांबवलेला. त्यावर फिल्टर, एन्व्हलप (आवाज कसा चढतो-उतरतो ते ठरवणारा), इफेक्ट. तुमचा ठणठणीतपणा या काटकसरीतून आलाय! मोठी लायब्ररी खरा ग्रँड पियानो देते, आणि त्याचा खर्ज मांडवातल्या स्पीकरवर बेस-ढोलकीत गुरफटतो. कोर्गने स्वतःच एम-वनचं सॉफ्टवेअर काढलंय, ते घ्या. खर्च नको असेल तर आहे त्या पियानोचा १५० हर्ट्झखालचा भाग कापा, आवाज मोनो करा, वरच्या सुरांना उठाव द्या. जवळपास जाल, तंतोतंत नाही.

पट्टी दाबली की आवाज उशिरा येतो. (साक्री)

बफर, म्हणजे लॅपटॉप वाजवण्याआधी आवाजाचे जेवढे नमुने साठवतो तो आकडा, १०२४ असणार. ४४.१ किलोहर्ट्झला तेवढ्यानेच २३ मिलिसेकंद जातात. एएसआयओ ड्रायव्हर (आवाज कमी उशिराने बाहेर काढणारं सॉफ्टवेअर) टाकून बफर १२८ करा, तो वेळ ३ वर येतो. आवाज तडतडला तर २५६.

माझा कीबोर्ड विकण्याआधी आवडते टोन सॅम्पल करून ठेवायचेत. एकेक पट्टी रेकॉर्ड करू का? मित्रही पैसे देऊन मागताहेत. (भुसावळ)

दर तिसरी पट्टी पुरे, मधल्या पट्ट्यांना सॉफ्टवेअर शेजारचं सॅम्पल ताणून वाजवतं. ६१ पट्ट्यांत २१ जागा, प्रत्येकी हळू-मध्यम-जोरात असे तीन दाब, म्हणजे ६३ रेकॉर्डिंग. आठ-आठ सेकंदांची, २४ बिट स्टिरिओ घेतली तर एका टोनला साधारण १३० एमबी. एका रात्रीचं काम.

मात्र आधी रिव्हर्ब (आवाजाचा घुमारा) बंद करा. मी एकदा विसरलो होतो. प्रत्येक सुरात गुहा शिरली आणि सगळं पुन्हा करावं लागलं. व्हायब्रेटोही (सुराचा कंप) काढा, कारण सॅम्पल वरच्या पट्टीवर ताणलं की कंपही जलद होतो आणि व्हायोलिन थंडीने कुडकुडल्यासारखं वाजतं. दोन्ही नंतर सॉफ्टवेअरमध्ये घाला.

मित्रांचं म्हणाल तर नको. त्या टोनवर गाणी वाजवा, रेकॉर्ड करा, सुपारी घ्या. पण कीबोर्डमधले मूळ आवाज कंपनीच्या मालकीचे असतात, ते पेनड्राइव्हवर भरून विकता येत नाहीत.